शंभरात दोन

अकोला
मंगळवार, दुपारचे अडीच

प्रिय दामी,

आईचं पत्र बघून तू आधी घाबरशील आणि मग हसशील. रोज फोनवर बोलतो, मग ही चार पानं कशाला, असं वाटेल. पण आपलं फोनवरचं बोलणं कसं असतं ते तुला ठाऊक आहे. आबांना ऐकू कमी येतं, म्हणून ते मला स्पीकर लावायला लावतात. मी विचारते जेवलीस का, तू म्हणतेस जेवले, आणि मधेच आबा ओरडतात, "अभ्यास करून राहिली का नुसती मोबाईल पाहून राहिली?" त्यात खरं बोलायला जागा कुठे उरते? आत्ता ते जेवून झोपलेत, साडेचारला उठतील. तेवढा वेळ माझा आहे. ओट्यावर वही ठेवून उभ्या उभ्याच लिहिते आहे, तेव्हा अक्षराला नावं ठेवू नकोस.

रविवारी तू येणार. मंडपवाल्याला सांगून झालं, बुंदीची ऑर्डर दिली, आणि चारशे माणसांसमोर आबा तुझ्या हातात तेलाची बरणी देऊन तेलाचं काम तुझ्यावर सोपवणार. त्यासाठी शुक्रवारी तू नाशिकच्या कंपनीला नोकरी नको म्हणून कळवणार आहेस. म्हणजे हे पत्र शुक्रवारच्या आत तुझ्या हाती पडलं पाहिजे. म्हणून पोस्टात टाकत नाही. शेजारचे श्रावणभाऊ उद्या सकाळी बडनेऱ्याला ड्युटीवर जातात, ते संध्याकाळी अमरावतीला येऊन तुझ्या होस्टेलच्या गेटवर देतील. त्यांना चहा पाज. आणि सगळं वाचून होईपर्यंत मला फोन करू नकोस.

तू आबांच्या तेलाच्या वासातच वाढलीस, पण ते तू नातीच्या डोळ्यांनी पाहिलंस. मी सुनेच्या डोळ्यांनी पाहिलं आहे. आबा, म्हणजे लोकांचे रामराव सर, शाळेत पीटी शिकवायचे आणि पोरांचे मुरगळलेले पाय चोळता चोळता त्यांना गंधपुऱ्याच्या तेलाचा नाद लागला. रिटायर झाल्यावर दर गुरुवारी ओसरीवर बसून ते गुडघेदुखीवाल्यांना हे तेल वाटायला लागले. फुकट आणि थेट कॅनमधलं. नागपूरहून पाच लिटरची ॲल्युमिनियमची कॅन यायची, तिला हार घालून ते सील फोडायचे. "एक थेंब भेसळ दाखवा, मिशी काढून देतो," असं दर गुरुवारी एकदा तरी व्हायचंच. आणि पुरावा म्हणून काचेच्या ग्लासात पाणी घेऊन कॅनमधले चार थेंब सोडायचे. खरं गंधपुऱ्याचं तेल पाण्यापेक्षा जड, ते खाली बसतं. दुसरं तेल मिसळलेलं असेल तर वर तरंगतं. "बुडालं! पाहून घ्या, बुडालं!" असं म्हणताना त्यांचा चेहरा कसा फुलतो, ते तू पाहिलं आहेस.

तेल लावल्यावर माणसाच्या डोळ्यांत पाणी आलं की आबांना समाधान. "झोंबलं नाही तं ते तेल कायचं? मंग पाणीच लाव ना!" आपली माणसंही तशीच. जे झोंबत नाही ते औषध नाही आणि ज्यात ठसका नाही ती भाजी नाही. गंमत म्हणजे आबांनी स्वतः ते तेल कधीच लावलं नाही. "मले काय झालं लावाले?" म्हणतात, आणि अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी सकाळी पन्नास बैठका मारतात. ज्या माणसाचा गुडघा कधी दुखला नाही, त्याने अख्ख्या जुन्या शहराच्या गुडघ्यांचा ठेका घेतला होता.

चार वर्षांपूर्वी, तू बारावीत असताना, आपल्याकडून तेल नेणाऱ्या जमुनाबाईंच्या पायाला जखम झाली होती ते आठवतं? आम्ही तुला सांगितलं होतं की गरम पाण्याने भाजलं. ते खोटं होतं. जमुनाबाईंना शुगर, पाय बधिर झालेले. त्यांनी दुपारी आबांचं तेल तळपायाला चोळलं आणि वरून मोजे चढवले. दुसऱ्या दिवशी मोज्याबरोबर साल निघाली. "मले तं काईच समजलं नाही, सूनबाई. झोंबलंही नाही, म्हून अजून लावलं. अन् सकाळी पाहतो तं असं." पुढे एक बोट काढावं लागलं. एवढं होऊन त्या आबांना एक शब्द बोलल्या नाहीत. सरांच्या तेलाने असं कसं होईल, माझाच पाय खराब, असं त्या दवाखान्यात नर्सला सांगत होत्या. आणि पुढच्या गुरुवारी त्यांचीच सून आपल्या ओसरीवर रांगेत उभी होती. मी आबांना सांगायला गेले, तर ते म्हणाले की शुगरवाल्याचं असंच असते, तेलाले दोष नको देऊ.

मग मी हलीमाबींकडे गेले. त्यांचं अत्तराचं छोटं दुकान तुला माहीत आहे, आपण तिथून उदबत्ती आणायचो. त्यांचं माहेर मेळघाटात, सेमाडोहच्या बाजूचं. तिथे त्यांचे वडील तिखाडीच्या गवताचं तेल काढायचे, त्यामुळे असल्या तेलांशी त्यांचा जन्माचा संबंध. मी सगळं सांगितलं तेव्हा त्यांनी कपाळावर हात मारला. "बेटा, नंगा तेल चमडी को नहीं लगाते. पहले उसको कपडे पहनाओ." आणि कपडे म्हणजे तिळाचं तेल. त्यांनी एका वाटीत तिळाचं तेल घेतलं, त्यात दोन थेंब गंधपुरा टाकला, काडीने हलवून माझ्या कोपराच्या आतल्या बाजूला बोटभर लावलं आणि उद्या ये म्हणाल्या. दुसऱ्या दिवशी तिथे लाली नव्हती, खाजही नव्हती, तेव्हा म्हणाल्या की आता हे लावायला हरकत नाही. खोबरेल चालतं पण आपल्या थंडीत गोठतं, जवसाचं चिकट होऊन बसतं, म्हणून तीळच बरं, हेही त्यांनीच शिकवलं. आणि कोणाला भाजलंच तर पाण्याकडे धावायचं नाही, आधी साध्या तेलाने पुसून काढायचं आणि मग साबणाने धुवायचं. नेमका हिशेब मात्र तू शिकवलास. तू फार्मसीच्या पहिल्या वर्षाला असताना मी माझ्या गुडघ्याचं निमित्त करून तुला विचारलं, आणि तू फोनवर धडाधडा म्हणून दाखवलंस. शंभर मिलीत दोन मिली, म्हणजे चाळीस थेंब. वय झालेल्यांना त्याच्याही निम्मं. रक्त पातळ करायची गोळी चालू असेल तर अजिबात नाही, लहान लेकरांना तर जवळही न्यायचं नाही. वर हसून म्हणालीस, आई, तू तर माझ्या मॅडमपेक्षा जास्त प्रश्न विचारतेस.

तेव्हापासून, दामी, या घरात रोज भेसळ होते, आणि ती मी करते. कोरोनात आबांच्या नाकाचा वास गेला तो परत आलाच नाही, म्हणून निभावलं. ते कुलूप काढून कॅनमधून अर्धा लिटर तेल चिनी बरणीत ओतून मला देतात आणि फिरायला जातात. मी त्यातलं फक्त दहा मिली घेते, बाकी तिळाचं तेल, आणि लहान बाटल्या भरते. गोळ्या चालू असणाऱ्यांसाठी कोपऱ्यात नुसत्या तिळाच्या तेलाच्या बाटल्या असतात, झाकणावर खूण केलेल्या. तुझे बाबा महिन्याला तिळाच्या तेलाचा एक पिपा आणतात. कशाला ते त्यांनी एकदाही विचारलं नाही, आणि विचारलं नाही म्हणजे त्यांना कळलेलं आहे. आबा मात्र येईल त्याला सांगतात, "आमची सूनबाई फोडणीत तेल लय ओतते."

उरलेलं शुद्ध तेल कुठे टाकायचं हा प्रश्न पहिल्याच दिवशी आला. चमचाभर मोरीत ओतलं तर अर्धी गल्ली वासाने बाहेर आली. मग आबांच्या खुंटीवरच्या बंडीच्या खिशातली किल्ली घेतली आणि उरलेलं परत कॅनमध्ये ओतलं. त्या वेळी मला त्यात काहीच वावगं वाटलं नाही, वाया जायला नको एवढंच डोक्यात होतं. पुढचं मी बघितलंच नाही, आणि माझी खरी चूक ती. दहा गुरुवारांत रिकामी होणारी कॅन दहाव्या गुरुवारी आबांनी उचलली, तर ती भरलेली. त्यांनी ती खाली ठेवली, परत उचलली, आणि माझ्यासमोर मटकन बसून रडायला लागले. "सूनबाई, हे कॅन सरूनच नाही राहिली वं!" मी गप्प राहिले. नुसती गप्प राहिले, पण ते पुरलं.

मग काय झालं ते तुला माहीत आहे, फक्त का झालं ते माहीत नव्हतं. बरकतीचं तेल म्हणून बाळापूर, मूर्तिजापूर, भातकुलीहून माणसं यायला लागली. गुरुवारचं वाटप रोजचं झालं. आबांनी जाहीर केलं की बाटल्या फक्त सूनबाई भरणार, "तिच्या हाताले बरकत हाय." बायका माझ्या पाया पडायला लागल्या, दामी. जमुनाबाईसुद्धा, त्या चार बोटांच्या पायावर कशाबशा उभ्या राहून. मी एकदा आबांजवळ विषय काढून पाहिला, की थोडं तिळाचं तेल मिसळलं तर म्हाताऱ्या माणसांना बरं पडेल. त्यांनी ताट बाजूला सारलं आणि दोन दिवस जेवले नाहीत. "माह्या घरात भेसळ?" एवढंच म्हणत होते. हा तोच माणूस आहे, ज्याने तुला सायकल शिकवताना सहा महिने तुझ्यामागे धावून स्वतःच्या चपला झिजवल्या. त्यांच्या म्हातारपणातला एकुलता एक आनंद म्हणजे ती कॅन, आणि ती मी रोज संध्याकाळी चोरून भरते. हे त्यांना कसं सांगायचं?

तू म्हणशील, कॅनमध्येच एकदा काय ते मिसळून मोकळी हो. पाच लिटर तेलाला कपडे घालायला अडीचशे लिटर तीळ लागेल. आणि कॅनमधलं बदलून टाकलं, तर दुसऱ्या दिवशी सकाळी माणसांसमोर ग्लासातले थेंब तरंगतील. त्यामुळे कॅन शुद्धच ठेवायची आणि बाटली रोज हलकी करायची, यातून मला सुट्टी नाही.

आता तुझ्या डेंग्यूचं सांगते. ते तू विसरलेली नाहीस, आणि मीही नाही. दोन वर्षांपूर्वी मी धावत आले, दोन दिवस तुझ्या उशाशी बसले, आणि तिसऱ्या सकाळी तू डोळे उघडलेस तेव्हा मी नव्हते. खिचडीचा डबा होता. तुझ्या मैत्रिणीला तू नंतर म्हणालीस की माझी आई म्हणजे दोन दिवसांची पाहुणी. फोन चालू राहिला होता, मी ते ऐकलं. खरी गोष्ट अशी की मी तिकडे असताना आबांनी स्वतः बाटल्या भरल्या. माझं सौम्य तेल वापरून वापरून लोकांना ओंजळभर चोळायची सवय लागली होती. त्यातल्याच भागीरथाबाईंनी सुनेकडून पूर्ण पाठीला ओंजळभर शुद्ध तेल चोळून घेतलं. पाठ भाजून निघाली, उलट्या सुरू झाल्या, कानात घंटा वाजतात म्हणून त्या रडत होत्या. तुझ्या बाबांनी फोनवर फक्त "साधना, ये" एवढंच सांगितलं. मी येऊन त्यांची पाठ तेलाने पुसली, साबणाने धुतली, डॉक्टरांकडे नेलं आणि आत जाऊन डॉक्टरांना खरं सांगितलं. बाहेर आल्यावर भागीरथाबाईंनी विचारलं, "काहून झालं वं असं?" आणि मी म्हणाले, तुम्ही लावून उन्हात बसलात. त्यांनी मान हलवली, चूक झाली म्हणाल्या. माझ्याकडे माफी मागितली त्यांनी. आबांचं म्हणणं, अंगातली उष्णता बाहेर पडली. आधी जे तेल चमचाभर लागलं असतं, ते माझ्यामुळे ओंजळभर लागलं होतं. उरलेल्या बाटल्या घरोघरी जाऊन बदलून आणेपर्यंत मी पाणी प्यायले नाही.

तेव्हापासून मी एक संध्याकाळ घराबाहेर राहिलेले नाही. तुझं गॅदरिंग, तुझं बक्षीस, मावशीची वास्तुशांत, सगळ्याला मी तब्येतीचं कारण दिलं. या जानेवारीत भातकुलीला माझी आई, तुझी आजी, अंथरुणाला खिळली, तेव्हा मी पहाटेच्या गाडीने जायचे आणि चारच्या आत परत यायचे. शेवटच्या दिवशी तिने माझा पदर मुठीत धरला होता. "आज तरी राय न वं, साधने," म्हणाली. मी तिची बोटं एकेक करून सोडवली, दामी. दुसऱ्या दिवशी सकाळी ती गेली. तेरवीलाही मी जेवणाच्या पंगती उठायच्या आधी निघाले. तुझा नितेशमामा दारात आडवा आला. "तुले तुयं घर सुटतच नाही, तं येते कायले?" तो तेव्हापासून माझ्याशी बोलत नाही, आणि त्याचं काही चुकलेलं नाही.

आता ज्यासाठी वही उघडली ते लिहिते. मघापासून हात तिथे जात नाही. तू फोनवर आनंदाने ओरडली होतीस, "आई, एवढ्या नातवंडांत आबांनी मला निवडलं!" आबांनी नाही निवडलं. मी निवडलं. तेरवीहून परत आले त्या संध्याकाळी बाटल्या भरून झाल्या, आबांना चहा दिला, आणि म्हणाले की आबा, आता दामिनीची फार्मसी पूर्ण होते आहे, तिच्या हातालाही बरकत असेल, तिलाच द्या बरणी. त्यांना माझ्या तोंडून हे ऐकायचंच होतं. मला फक्त मोकळं व्हायचं होतं, आणि त्यासाठी मी माझ्या जागी माझी लेक उभी केली. तू घरी आलीस की एका आठवड्यात तुला सगळं कळलं असतं, तू शिकलेली आहेस, आणि माझ्यासारखीच तूही गप्प बसली असतीस, कारण तुझाही आबांवर जीव आहे. हे मला ठाऊक होतं. ठाऊक असूनच बोलले. गेला दीड महिना तू रोज फोनवर खूश असतेस आणि मी रोज जेवलीस का विचारते. शुक्रवारी नाशिकला हो म्हणून कळव. आबांना मी तुझ्याऐवजी काय सांगायचं ते सांगेन. रविवारी सगळ्यांसमोर खरं बोलायचं असं आज ठरवलंय, पण आज मंगळवार आहे आणि मी स्वतःला चांगली ओळखते. हिंमत झाली नाही तर सोमवारी मी पुन्हा तिळाचं तेल मोजत बसेन, ते माझं मी निस्तरेन. तू मात्र येऊ नकोस. आबांनी बोलावलं तरी येऊ नकोस. आणि उद्या-परवा माझाच धीर सुटला, मीच रडून फोन केला आणि ये म्हणाले, तर तो फोन ठेवून दे.

तुझीच,
आई